दहा सामने, सहा फुल्या: शिवाजी पेठेतल्या एका घराच्या नेटवर्कचं प्रकरण

जुलैच्या पहिल्या आठवड्यात शिवाजी पेठेतल्या एका घरातून फोन आला. खाली चपलांचं दुकान, वर दोन मजल्यांवर घर. दुकानाच्या बिलिंगचा कॉम्प्युटर मीच बसवलेला, त्यामुळे ओळख जुनी. फोनवर घरातला धाकटा होता, बारावीचा. "काका, नेट फुल्ल पळतंय, पण गेम काय जोडंना," एवढंच म्हणाला आणि फोन आईच्या हातात दिला. वहिनी म्हणाल्या, "दोनशेचा प्लॅन घेतला, तरी ह्याचं रडगाणं तेच. आता तुम्हीच या आणि काय ते बघा."

पावसाळा लागला की शाहू स्टेडियमवरचे सामने थांबतात आणि पेठांतली पोरं प्लेस्टेशनवर डाव मांडतात. यंदा धाकटा धरून पाच मित्रांनी फुटबॉलच्या गेमची लीग ठरवली होती. प्रत्येकाचा प्रत्येकाशी एक सामना, म्हणजे एकूण दहा. एक मित्र कसबा बावड्यात, एक राजारामपुरीत, एक इचलकरंजीत आणि एक पुण्यात हॉस्टेलवर. पंधरा दिवस होऊन गेले तरी चारच सामने झाले होते. बाकी वेळा आमंत्रण जायचं, समोरचा ते स्वीकारायचा, गोल फिरत राहायचं आणि अर्ध्या मिनिटानं संदेश यायचा की समोरच्या खेळाडूशी जोडणी होऊ शकली नाही.

दुसरी तक्रार वेगळी होती. धाकटा कॉम्प्युटरवर नेमबाजीचा एक गेम खेळतो. त्यात सामना लगेच मिळायचा, दुपारी उत्तम चालायचा, पण रात्री नऊनंतर माणूस पळता पळता मागे खेचला जायचा. घरच्यांनी ह्या दोन्ही गोष्टी "नेटचा प्रॉब्लेम" ह्या एकाच नावाखाली टाकल्या होत्या. माझ्या मते तिथंच गाठ पडली होती, कारण दोन वेगळ्या दुखण्यांवर एकच औषध देणं चाललं होतं.

मी पोहोचायच्या आधी बरंच करून झालं होतं. प्लॅन शंभरचा दोनशे एमबीपीएस केलेला. डीएनएस, म्हणजे नावावरून पत्ता सांगणारा सर्व्हर, बदललेला. कन्सोलला महागडी लॅन केबल आणलेली. कन्सोल एकदा पूर्ण पुसून नव्यानं लावलेला. कुणाच्या तरी सांगण्यावरून एमटीयूचा, म्हणजे माहितीच्या एका पाकिटात जास्तीत जास्त किती बाइट जातील त्याचा, आकडा १४७३ केलेला. राउटरमध्ये बाहेरून येणारं सगळं एकाच उपकरणाकडे वळवणारी डीएमझेड नावाची सोय चालू करून कन्सोल त्यात टाकलेला. पोरगा आळशी नव्हता, मिळेल तो सल्ला मन लावून करत होता. अडचण एवढीच, की प्रत्येक बदलानंतर काय बदललं ते कुठं लिहून ठेवलेलं नव्हतं.

म्हणून कशालाही हात लावण्याआधी मी त्याच्याकडून एक वही मागून घेतली.

वहीतलं कोष्टक

पाच मित्र आडवे, तेच पाच उभे. कुणाचा सामना कुणाशी जोडला गेला तिथं बरोबरची खूण, नाही तिथं फुली. ज्या जोड्यांनी कधी प्रयत्नच केला नव्हता, त्यांना फोन करून तिथल्या तिथं करायला लावलं. अर्ध्या तासात दहाही घरं भरली. चार खुणा, सहा फुल्या.

चारही खुणा बावड्याच्या पोराच्या होत्या. त्याचा प्रत्येकाशी सामना जोडला जात होता आणि तो सोडून बाकी चौघांचा आपापसात एकही नाही. गुणतक्त्यातही तोच वर होता, कारण चारही सामने खेळायला मिळालेला तोच एकटा. पोरांना वाटत होतं त्याच्याकडे कुठला तरी खास प्लॅन असणार. त्याच्याकडे पन्नासचा प्लॅन होता.

हे कोष्टक हाती आलं आणि निम्मं काम झालं. वेग कमी असता तर फुल्या कुठंही विखुरलेल्या दिसल्या असत्या, कधी पडल्या असत्या, कधी नसत्या. गेमचा सर्व्हर बंद असता तर बावड्याचाही सामना झाला नसता. (सर्व्हरची स्थिती दाखवणारं पान आधीच पाहिलं होतं, सगळं सुरळीत होतं.) एक पोरगा सगळ्यांशी जोडला जातो आणि बाकीचे एकमेकांशी नाही, हे चित्र जवळजवळ नेहमी एकाच गोष्टीकडे बोट दाखवतं. ती म्हणजे नॅट, घरातल्या सगळ्या उपकरणांना एकाच बाहेरच्या पत्त्यामागं ठेवणारी राउटरची पद्धत.

इथं थोडं थांबून गेम आतून कसा चालतो ते सांगतो, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. ऑनलाइन सामन्याचे दोन टप्पे असतात. पहिल्या टप्प्यात तुमचा कन्सोल जोड्या लावणाऱ्या सर्व्हरला सांगतो, "मी तयार आहे, मला हा गडी पाहिजे." दुसऱ्या टप्प्यात प्रत्यक्ष खेळ. हा खेळ काही गेममध्ये कंपनीच्या स्वतःच्या सर्व्हरवर होतो, सगळे खेळाडू त्या सर्व्हरशी बोलतात. नेमबाजीच्या अनेक गेमचे असे सर्व्हर मुंबईत आहेत. काही गेममध्ये मात्र, विशेषतः दोघांच्या सामन्यात, दोन्ही कन्सोल थेट एकमेकांशी बोलतात. मधला सर्व्हर फक्त पत्ते देऊन बाजूला होतो. ह्या पोरांचा फुटबॉलचा सामना तसाच होता. त्यामुळे एकाच घरात, एकाच लाइनवर नेमबाजी जोडली जायची आणि फुटबॉल नाही. वेग दोन्हीकडे सारखाच होता. फुटबॉलला आणखी एक गोष्ट लागत होती: बाहेरच्या माणसाला ह्या घराचं दार सापडलं पाहिजे.

चप्पल स्टँडचं टोकन

धाकट्याला नॅट समजावताना मी महाद्वारातल्या चप्पल स्टँडचं उदाहरण दिलं, आणि ते त्याच्या घरच्या धंद्याचंच निघालं.

घरातल्या सगळ्या उपकरणांना राउटर आतले पत्ते देतो, १९२.१६८ नं सुरू होणारे. हे पत्ते बाहेर चालत नाहीत. बाहेर जाताना राउटर प्रत्येक जोडणीला एक क्रमांक देतो आणि आपल्या तक्त्यात लिहून ठेवतो: हा क्रमांक म्हणजे हा कन्सोल. उत्तर त्या क्रमांकावर आलं की बरोबर कन्सोलकडे पोहोचवतो. अंबाबाईच्या दर्शनाला जाताना चपला देऊन टोकन घेतो, तसंच. ज्याच्या हातात टोकन त्यालाच जोड मिळतो. टोकन नसलेला माणूस येऊन म्हणाला "तो कोपऱ्यातला जोड द्या", तर स्टँडवाला देणार नाही, आणि देऊही नये.

आता मित्राचा कन्सोल हा तो बिनटोकनचा माणूस. त्याला आत घ्यायचं तर काय करायचं? जोड्या लावणारा सर्व्हर तुमचं टोकन पाहतो, समजा ४०, आणि मित्राला सांगतो, "जा, ४० सांग." साध्या राउटरवर हे चालतं, कारण तो कुणाशीही बोलताना त्या कन्सोलसाठी ४० च वापरतो. काही ठिकाणी मात्र कडक पद्धत असते. प्रत्येक नव्या ठिकाणाशी बोलताना नवं टोकन. सर्व्हरशी बोलताना ४०, मित्राशी बोलताना ५७. मित्र येतो, ४० सांगतो, आणि परत पाठवला जातो. दोन्ही बाजूंना अशी कडक पद्धत असेल तर दोघंही एकमेकांच्या दारात चुकीचं टोकन घेऊन उभे राहतात. अर्धा मिनिट वाट पाहून गेम हात टेकतो.

एक्सबॉक्सवर ह्यालाच ओपन, मॉडरेट आणि स्ट्रिक्ट म्हणतात. प्लेस्टेशनवर टाइप १, २ आणि ३, पण तिथं राउटरमागं दार नीट उघडं असलं तरी टाइप २ च दिसतं. ओपनवाला सगळ्यांशी जोडला जातो. मॉडरेटवाला ओपन आणि मॉडरेटशी. स्ट्रिक्टवाल्याला फक्त ओपनवाला मिळतो. बावड्याचं पोरगं ओपन होतं, म्हणून त्याच्या चार खुणा. अनोळखी खेळाडूंशी सामना "कधी लागतो, कधी लागत नाही" हे धाकट्याचं गाऱ्हाणंही ह्यातूनच सुटलं. नशिबानं समोर ओपनवाला आला तर लागायचा. रात्री उशिरा खेळणारेच कमी, त्यात ओपनवाले आणखी कमी, मग दहा-दहा मिनिटं गोल फिरत राहायचं.

कन्सोलच्या सेटिंग्जमध्ये नेटवर्कच्या खाली इंटरनेट तपासणी चालवली. नॅट टाइप ३.

तीन भिंती

आता भिंत कुठं आहे ते शोधायचं. कॉम्प्युटरवरून ट्रेसरूट चालवला, म्हणजे पाकीट बाहेर जाताना कुठल्या कुठल्या उंबऱ्यावरून जातं ते. पहिली ओळ १९२.१६८.०.१. दुसरी ओळ १९२.१६८.१.१. तिसरी ओळ १०० नं सुरू होणारी, पुढचा आकडा ७२.

पहिल्या दोन ओळी पाहून मी मान हलवली. एका घरात एकच आतला पत्ता असायला पाहिजे, इथं दोन होते. जिन्याखाली मीटरजवळ फायबर कंपनीचा डबा, तो स्वतःच राउटर. त्यातून केबल दुसऱ्या मजल्यावर गेलेली, तिथं घरानं विकत घेतलेला राउटर, तोही राउटरच म्हणून चालू. म्हणजे एका स्टँडवर चपला ठेवल्या आणि त्या स्टँडवाल्यानं त्या पुढच्या स्टँडवर नेऊन ठेवल्या. ह्याला डबल नॅट म्हणतात. कोल्हापुरात ज्या घरांनी "रेंज येत नाही" म्हणून वर दुसरा राउटर लावला आहे, त्यांतल्या पुष्कळ घरांत मला हे सापडतं. डीएमझेड का चाललं नाही, तेही इथं कळलं. ते वरच्या राउटरमध्ये चालू केलं होतं, खालच्या डब्याला त्याचा पत्ताच नव्हता.

वरचा राउटर ॲक्सेस पॉइंट मोडवर टाकला, म्हणजे तो फक्त वाय-फाय देईल, टोकन वाटणार नाही. डीएमझेड बंद केलं. खालच्या डब्यात यूपीएनपी चालू केलं, म्हणजे कन्सोलला पाहिजे ते दार तो स्वतः मागून घेईल. मला खात्री होती की काम झालं. पुन्हा तपासणी. टाइप ३. कोष्टकातल्या सहाच्या सहा फुल्या जागच्या जागी.

घाई माझीच झाली होती. तिसरी ओळ मी वाचली होती, पण तिच्यावर थांबलो नव्हतो.

१००.६४ पासून १००.१२७ पर्यंतचे पत्ते एप्रिल २०१२ मध्ये आरएफसी ६५९८ ह्या इंटरनेटच्या नियमांच्या दस्तऐवजानं एका खास कामासाठी राखून ठेवले: इंटरनेट देणाऱ्या कंपनीनं आपल्या ग्राहकांच्या आणि बाहेरच्या जगाच्या मध्ये स्वतःचं मोठं नॅट लावायचं असेल तर. ह्याला सीजीनॅट म्हणतात. कारण साधं आहे. जुन्या पद्धतीचे, म्हणजे आयपीव्ही४ चे पत्ते सगळे मिळून सुमारे ४२९ कोटी. जगाच्या मुख्य साठ्यातले शेवटचे गठ्ठे फेब्रुवारी २०११ मध्ये वाटून संपले आणि आपल्या आशिया-पॅसिफिक विभागात त्याच वर्षी एप्रिलपासून काटकसरीनं वाटप सुरू झालं. त्यानंतर फायबर घराघरांत पोहोचलं, पण प्रत्येक घराला देण्याइतके पत्ते उरले नव्हते. मग एका बाहेरच्या पत्त्यावर अनेक घरं. व्हिडिओ बघायला, बँकेचं काम करायला ह्याचा काही त्रास नाही. थेट कन्सोल ते कन्सोल बोलायचं असलं की मात्र तिसरी भिंत उभी राहते, आणि ती आपल्या घरात नसते. तिच्यावर आपल्या यूपीएनपीचा, हातानं दार उघडून देणाऱ्या पोर्ट फॉरवर्डिंगचा, कशाचाच हुकूम चालत नाही.

खात्री करायची रीत सोपी आहे आणि ती प्रत्येकाला घरी करता येते. फायबरच्या डब्याच्या पानावर वॅन नावाखाली जो पत्ता दिसतो तो लिहून घ्यायचा. मग "माझा आयपी काय" असं विचारून एखादी साइट जो पत्ता दाखवते तो लिहायचा. दोन्ही एकच असतील तर मध्ये कुणी नाही. वेगळे असतील तर वर आणखी एक स्टँड आहे. इथं डब्यात १००.७२ आणि साइटवर भलताच काही तरी. प्रश्न मिटला.

कंपनीला फोन

इंटरनेट कंपनीच्या ग्राहक सेवेला फोन केला. तिथल्या मुलीनं वेग तपासायला सांगितला, डबा बंद करून चालू करायला सांगितला आणि शेवटी लाइनमन पाठवला. लाइनमन भला माणूस. जिन्याखाली वाकून फायबर काढलं, मीटर लावलं आणि म्हणाला, "काका, पॉवर उणे एकोणीस हाय. लाइन एकदम ओके. आमच्याकडनं कायबी अडचण न्हाई." त्याचं म्हणणं शंभर टक्के बरोबर होतं. उणे १९ डीबीएम म्हणजे प्रकाश नीट पोहोचतोय. लाइन धडधाकट होती. ग्राहक आणि कंपनी दोघंही खरं बोलतात आणि तरी भांडण मिटत नाही, ते अशा वेळी. ग्राहक म्हणतो "नेट खराब", कंपनी तपासून म्हणते "नेट चांगलं", आणि दुखणं ह्या दोन्ही शब्दांच्या बाहेर असतं.

म्हणून तक्रार कशी मांडावी ह्यावर मी भर देतो. त्याच्यासमोर वही उघडली, कोष्टक दाखवलं, दोन पत्ते दाखवले आणि म्हटलं, "मला वेगाची तक्रार करायची नाही. हे कनेक्शन सीजीनॅटमागं आहे, मला पब्लिक आयपी पाहिजे." त्यानं लगेच ऑफिसला फोन लावला. दोन मिनिटांत उत्तर आलं: स्टॅटिक आयपी, म्हणजे न बदलणारा स्वतःचा पत्ता, मिळेल, महिन्याला वेगळे पैसे. वहिनींशी बोललो. दोनशेचा प्लॅन परत शंभरवर आणला तर त्या फरकात आयपीचे पैसे निघत होते. गेमला स्वतःला एक एमबीपीएसच्या आसपास पुरतं, कधी त्याहूनही कमी. त्या म्हणाल्या, "मग दोनशे कशाला घेतले होते आम्ही?" त्यांच्या आवाजात राग होता आणि तो रास्त होता. नेट अडलं की पहिला सल्ला "मोठा प्लॅन घ्या" हाच मिळतो. पाण्याच्या नळाला दाब आहे की नाही हे न बघता पाइप मोठा करण्यासारखं ते आहे, आणि पैसे महिन्याच्या महिन्याला जातात.

मांडणीही बदलली. लाइनमननं खालचा डबा ब्रिज मोडवर टाकला, म्हणजे तो आता नुसता प्रकाशाचं इथरनेट करतो. घरचा चांगला राउटर वरून खाली जिन्याखाली आणला आणि लॉगिनचं नाव-पासवर्ड त्यातच भरलं. वरच्या खोलीत जाणाऱ्या केबलला पाच खाचांचा साधा स्विच लावून कन्सोल आणि कॉम्प्युटर दोन्ही तारेवर घेतले. फोनसाठी कपाटात पडलेला जुना राउटर ॲक्सेस पॉइंट करून वर ठेवला. आता टोकन वाटणारा एकच.

दुसऱ्या दिवशी दुपारी आयपी चालू झाला. राउटरचा वॅन पत्ता आणि साइटवरचा पत्ता आकड्यास आकडा जुळला. कन्सोलवर टाइप २. धाकट्यानं उभ्या उभ्याच इचलकरंजीला आमंत्रण पाठवलं आणि चार सेकंदांत मैदान उघडलं. त्यानं टीव्हीकडे पाठ करून माझ्याकडे पाहिलं, सामना सुरू करायचंच विसरला.

त्याच वेळी मी राउटरमधली यूपीएनपीची यादी उघडली होती, कोणी कोणतं दार मागितलंय ते बघायला. कन्सोलची ओळ अपेक्षित होती. तिच्याखाली दुसरी ओळ होती: दुकानातल्या सीसीटीव्हीचा डीव्हीआर. त्यानंही न विचारता बाहेरचं दार उघडून घेतलं होतं. सीजीनॅटमागं असेपर्यंत ते दार कुठंच उघडत नव्हतं. आता घराला स्वतःचा पत्ता होता आणि डीव्हीआरचा पासवर्ड कारखान्यातून आला तसाच होता. म्हणजे गल्ला आणि दुकानाचं शटर जगातल्या कुणालाही बघता आलं असतं. डीव्हीआरमधलं यूपीएनपी तिथल्या तिथं बंद केलं, पासवर्ड बदलला, राउटरचा बदलला, राउटर बाहेरून चालवायची सोय बंद केली आणि त्याचं फर्मवेअर अद्ययावत केलं. पब्लिक आयपी घेऊन देणाऱ्या माणसानं ही यादी बघितल्याशिवाय घराबाहेर पडू नये. गेम जोडला गेला नाही तर एक सामना जातो. कॅमेरा उघडा राहिला तर काय जाईल ते सांगता येत नाही.

एमटीयूचंही इथंच उरकलं. ह्या घरचं कनेक्शन नाव-पासवर्ड देऊन जोडणाऱ्या पीपीपीओई पद्धतीचं आहे. त्या पद्धतीत ८ बाइट तिच्या स्वतःच्या वेष्टनाला जातात, म्हणून इथरनेटच्या १५०० मधून १४९२ उरतात. पाकीट तोडायचं नाही अशी अट घालून १४६४ बाइटचं पिंग, म्हणजे उत्तर मागणारं चाचणीचं पाकीट, पाठवलं, गेलं. १४६५ चं अडलं. १४६४ अधिक शीर्षकांचे २८ म्हणजे १४९२, हिशोब जुळला. कन्सोलमधला १४७३ काढून स्वयंचलित केलं. त्या आकड्यानं काही बिघडलं नव्हतं आणि काही सुधारलंही नव्हतं. डीएनएसचंही तेच. नावावरून पत्ता काढून दिला की त्याचं काम संपतं, सामना चालू असताना तो मध्ये नसतो.

रात्री नऊची गोष्ट

दुसरं दुखणं उरलं होतं. त्यासाठी त्याच दिवशी रात्री परत गेलो, कारण रात्रीचं दुखणं दुपारी सापडत नाही.

कॉम्प्युटरवर दोन खिडक्या उघडल्या. एकीत घरच्या राउटरला सतत पिंग, दुसरीत १.१.१.१ ह्या बाहेरच्या पत्त्याला. ही जोडी फार उपयोगी आहे. पहिलीत आकडा, म्हणजे उत्तर यायला लागलेले मिलिसेकंद, उडाला तर दोष घरात, पहिली शांत आणि दुसरी उडाली तर दोष राउटरच्या पलीकडे किंवा राउटरच्या दारात. आधी मुद्दाम वाय-फायवर ठेवून पाहिलं: राउटरचाच आकडा मधूनमधून ९० च्या घरात जात होता. खोलीत २.४ गिगाहर्ट्झचं वाय-फाय आणि आजूबाजूला चिकटलेल्या घरांचे राउटर सगळे त्याच पट्ट्यात. तार लावली, आकडा एकच्या खाली. तो विषय संपला.

बाहेरचा आकडा १६-१७. तो सर्व्हर मुंबईत धरला, तर कोल्हापूर ते मुंबई रस्त्यानं पावणेचारशे किलोमीटर. काचेच्या तारेत प्रकाश सेकंदाला साधारण दोन लाख किलोमीटर जातो, म्हणजे जाऊन-येऊन नुसता प्रवासच चार मिलिसेकंदांच्या आसपास. वरचा वेळ मधल्या उपकरणांचा. १७ हा उत्तम आकडा आहे.

नऊ वाजून दहा मिनिटांनी तो २९० झाला. मग ३१०. राउटरची खिडकी शांतच.

मी विचारलं, "आत्ता घरात कोण काय चालू केलं?" खालच्या मजल्यावरून थोरला म्हणाला, "मी फाइल टाकालोय वर." थोरला लग्नाचे व्हिडिओ करतो. लग्नसराई जूनमध्ये संपली तरी एडिटिंग पावसाळाभर चालतं, आणि रोज रात्री जेवण झालं की तो दिवसभराचं काम क्लाउडवर चढवतो. डाउनलोड शंभर असला तरी ह्या लाइनवर अपलोड मोजला तर ४० भरला, आणि त्या फाइली चाळीसच्या चाळीस खात होत्या.

गळीत हंगामात अरुंद रस्त्यावर उसाच्या ट्रॉल्यांमागे मोटरसायकल अडकते, तसंच हे. गेमची पाकिटं बारीक आणि घाईची, फाइलींची पाकिटं अवजड आणि रांगेत उभी. राउटर सगळी पाकिटं एकाच रांगेत साठवतो, रांग जितकी लांब तितका वेळ. वेग चाचणीतल्या वेगाच्या आकड्यात हे दिसत नाही, कारण तो आकडा फक्त तासाला किती ट्रॉल्या गेल्या तेवढंच सांगतो. ह्याला बफरब्लोट म्हणतात. २०१० च्या सुमारास हे नाव रूढ झालं. घाईच्या पाकिटांना वेगळी वाट देणारी एफक्यू-कोडेल नावाची पद्धत २०१८ मध्ये आरएफसी ८२९० म्हणून लिहिली गेली. पुढचा राउटर घेताना ती असलेला घ्या, असं मी थोरल्याला लिहून दिलं. तोपर्यंत त्याच्या अपलोडच्या सॉफ्टवेअरमध्येच मर्यादा घालायची सोय होती, ती २५ वर ठेवली. खिडकीतला आकडा माझ्या डोळ्यांसमोर ३०० वरून २१ वर आला आणि तिथंच राहिला. थोरल्याची फाइल वीस-पंचवीस मिनिटं उशिरा चढते. त्याला काही फरक पडत नाही, तो तोवर झोपलेला असतो.

दोन्ही भावांत ह्यावरून महिनाभर काही तरी धुसफुस चालू असावी. थोरल्यानं विचारलं, "म्हणजे माझ्यामुळं होत होतं?" मी सांगितलं, तुझ्यामुळं नाही, रांगेमुळं. आणि हे मी समजूत काढायला बोललो नव्हतो.

कोष्टक पुन्हा

दोन दिवसांनी वही परत भरली. शिवाजी पेठेच्या ओळीत आता चारही खुणा. एकूण सात खुणा, तीन फुल्या. उरलेल्या फुल्यांपैकी दोनमध्ये इचलकरंजी होतं. त्या पोराला फोनवरूनच पत्ते तपासायला सांगितले. त्याचे दोन्ही पत्ते एकच निघाले, म्हणजे वर सीजीनॅट नाही, फक्त राउटरमधलं यूपीएनपी बंद होतं. दहा मिनिटांत चालू झालं. त्याच्या दोन्ही फुल्या गेल्या. तीच यादीही त्याला उघडायला लावली. त्यात कन्सोलखेरीज कुणी नव्हतं.

राहिली एक फुली: राजारामपुरी विरुद्ध पुणे. राजारामपुरीचा मित्र फोनच्या हॉटस्पॉटवर खेळतो आणि मोबाइल डेटा जवळजवळ नेहमीच सीजीनॅटमागं असतो. पुण्याच्या हॉस्टेलचं वाय-फाय व्यवस्थापनाच्या ताब्यात, तिथं विद्यार्थ्याला काही बदलता येत नाही. दोन्ही टोकं स्ट्रिक्ट, आणि दोन्हीकडच्या भिंती त्या पोरांच्या हाताबाहेर. ह्या जोडीसाठी माझ्याकडे उपाय नव्हता आणि तसं मी स्पष्ट सांगितलं.

रविवारी राजारामपुरीचा मित्र आपला पॅड पिशवीत घालून भर पावसात शिवाजी पेठेत आला, धाकट्याच्या कन्सोलवर स्वतःच्या खात्यानं लॉगिन झाला आणि दहावा सामना त्या खोलीतून खेळला गेला. पुण्याचं पोरगं ३-१ नं जिंकलं.